फौजी फोनवर काय बोलतो? वाचकांच्या प्रश्नांना उत्तरं

घरातलं माणूस फौजेत गेलं की घरच्यांनाही एक नवी बोली शिकावी लागते. तिच्यातले काही शब्द नुसते ऐकायला मजेचे आहेत. काहींवर मात्र औषधपाणी, क्वार्टर, पेन्शन, प्रसंगी नोकरीसुद्धा अवलंबून असते. या वेळी अशा शब्दांना जास्त जागा दिली आहे.

प्रश्न : लग्नाला आठ महिने झाले. यजमान मराठा लाइट इन्फंट्रीत आहेत. कार्डाचं विचारलं की म्हणतात, "पार्ट टू पडली नाही अजून." काय पडायचं असतं? – एक वाचक, कराड

पार्ट टू म्हणजे 'पार्ट टू ऑर्डर'. पलटणीत रोज निघणारे परेड-ड्युटीचे आदेश पार्ट वनमध्ये येतात. जवानाच्या नोंदीत कायमचा बदल करणाऱ्या गोष्टी पार्ट टूमध्ये येतात: बढती, बदली, सुटी, लग्न, मुलाचा जन्म. ऑर्डर 'पडली' म्हणजे निघाली. तिथून ती रेकॉर्ड ऑफिसला जाते. मराठा लाइट इन्फंट्रीचं रेकॉर्ड ऑफिस बेळगावला आहे. ती पडेपर्यंत फौजेच्या कागदावर तुमचे यजमान अविवाहितच आहेत. डिपेंडंट कार्ड, फॅमिली क्वार्टर, पुढे ईसीएचएसचे, म्हणजे माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेचे उपचार आणि वेळ आलीच तर कुटुंब निवृत्तिवेतन, हे सगळं या एका नोंदीवर उभं आहे. म्हणून आठ महिने म्हणजे फार झाले. पाठपुरावा करायला सांगा.

विवाह नोंदणीचा दाखला, दोघांचा एकत्र फोटो, तुमचं आधार असे कागद कंपनी क्लार्ककडे जातात (कंपनी म्हणजे पलटणीतली एक तुकडी). काम अडतं ते बहुतेक वेळा नावापाशी. आपल्याकडे लग्नानंतर नाव बदलतं. मग आधारवर माहेरचं, विवाह दाखल्यावर सासरचं आणि अर्जात घरी हाक मारतात ते, अशी तीन नावं होतात. फौजेची नोंद इंग्रजीत असते, त्यामुळे स्पेलिंगमधलं एक अक्षर इकडचं तिकडे झालं तरी कागद परत येतो. शाळेच्या दाखल्यावरची जन्मतारीख आणि आधारवरची तारीख जुळत नसेल तरी तेच. आधी एक नाव, एक स्पेलिंग, एक तारीख पक्की करा, सगळे कागद त्याप्रमाणे दुरुस्त करा आणि मगच अर्ज द्या. ऑर्डर पडली की तिचा क्रमांक, तारीख आणि झेरॉक्स घरच्या फायलीत हवीच.

मूल झालं की पुन्हा हीच वाट. पुष्कळ जन्मदाखल्यांवर बाळाचं नाव नसतं. बारसं झालं की ग्रामपंचायतीत किंवा नगरपालिकेत नाव चढवून घ्या आणि तो दाखला पाठवा.

यासोबत 'किंड्रेड रोल' आणि 'एनओके' हे शब्दही कानावर येतील. किंड्रेड रोल ही आई-वडील, पत्नी, मुलं यांची जन्मतारखांसह यादी. एनओके म्हणजे काही बरंवाईट झालं तर फौज पहिल्यांदा ज्याला कळवते ते जवळचं माणूस. एनओके बदललं म्हणून विम्याचा आणि फंडाचा नॉमिनी आपोआप बदलत नाही. त्याचे फॉर्म वेगळे, ते वेगळेच भरावे लागतात. घरोघरी राहून जाणारी गोष्ट हीच. (दीर हवाई दलात असतील तर ते पार्ट टू ऑर्डरला 'पीओआर' म्हणतील आणि नौदलातला माणूस 'जेनफॉर्म' म्हणेल.)

प्रश्न : मुलगा सुटीवर आला आणि डेंग्यू झाला. गावच्या डॉक्टरांनी दहा दिवस विश्रांती लिहून दिली, तरी तो "ओएसएल होईन" म्हणून अस्वस्थ आहे. डॉक्टरांची चिठ्ठी पुरत नाही का? – एक वडील, गडहिंग्लज

नाही पुरत. त्याची काळजी रास्त आहे.

ओएसएल म्हणजे सुटी संपूनही हजर न होणं. सुटी न घेताच गैरहजर राहिला तर 'एडब्ल्यूएल'. आर्मी ॲक्ट 1950 च्या कलम 39 खाली दोन्ही गुन्हे आहेत. गैरहजेरी 30 दिवसांवर गेली की कलम 106 प्रमाणे कोर्ट ऑफ इन्क्वायरी बसते आणि तिथून पुढचा रस्ता पळपुटा ठरण्याकडे जातो. खाजगी डॉक्टरची चिठ्ठी म्हणजे सुटीची मंजुरी नव्हे.

सुटी संपायच्या आत मुलाला कंपनीत फोन करू द्या: सीएचएम, म्हणजे कंपनी हवालदार मेजर, किंवा सीनियर जेसीओ, म्हणजे सुभेदार दर्जाचे साहेब. कोणाशी, किती वाजता बोलणं झालं ते लिहून ठेवा आणि पाठोपाठ लेखीही कळवा. प्रवास झेपत असेल तर जवळच्या एमएचला, म्हणजे मिलिटरी हॉस्पिटलला घेऊन जा. गडहिंग्लजहून बेळगाव सोयीचं. इतर वाचकांसाठी सांगायचं तर खडकी, देवळाली, अहिल्यानगर, कामठी इथेही एमएच आहेत. सोबत ओळखपत्र, लीव्ह सर्टिफिकेट आणि रक्ताचे रिपोर्ट हवेत. दाखल करायचं की सिक लीव्हची शिफारस करायची हे तिथले डॉक्टर ठरवतात. प्लेटलेट उतरल्यामुळे हलवणंच धोक्याचं असेल, तर आहे त्याच दवाखान्यात ठेवा, पलटणीला आणि जवळच्या स्टेशन हेडक्वार्टरला, म्हणजे त्या भागातल्या लष्करी कार्यालयाला कळवा आणि दाखल झाल्यापासून डिस्चार्ज मिळेपर्यंतचे सगळे कागद जपा. वाढीव सुटी मंजूर झाल्याचं पलटणीकडून कळेपर्यंत ती मंजूर नाही असंच धरायचं.

जवानांची नेहमीची सुटी दोन प्रकारची असते. एएल म्हणजे वार्षिक, 60 दिवस. सीएल म्हणजे नैमित्तिक, 30 दिवस. सीएल ड्युटीत मोजली जाते, म्हणून ती एएलला जोडता येत नाही. अग्निवीराला वर्षाला 30 दिवसच मिळतात.

प्रश्न : धाकटा भाऊ भरती झाला, ट्रेनिंगला निघाला आहे. आधीच कोणते शब्द माहीत असलेले बरे? – एक वाचक, नांदेड

तो आता 'रंगरूट'. शिकवणारे हवालदार, नायक हे 'उस्ताद', तर सुभेदार पदावरच्यांना 'साब'. जेवण लंगरमध्ये, संध्याकाळची हजेरी म्हणजे 'गिनती', साफसफाईची अंगमेहनत म्हणजे 'फटीग', शिक्षेची पळापळ म्हणजे 'रगडा', पाठीवरची पिशवी 'पिट्टू', बरं नसेल तर 'एमआय रूम', म्हणजे तिथला दवाखाना. शेवटी 'कसम परेड' झाली की तो जवान.

ड्रिलच्या हुकुमाचे दोन भाग असतात. 'दाहिने' लांबवून म्हणतात, ते सावध करण्यासाठी. हालचाल करायची ती तुटक 'मुड' ऐकल्यावर. नवी मुलं पहिल्या भागावरच वळतात आणि रगडा खातात. 'तेज चल'मध्ये मिनिटाला 120 पावलं, पाऊल 30 इंचांचं. फायरिंगच्या मैदानावर 'शिस्त' म्हणजे नेम. "शिस्त ले" ऐकून मराठी मुलं ताठ उभी राहतात, तेव्हा हे आधीच सांगून ठेवा.

रायफल 'कोत'मध्ये, म्हणजे शस्त्रागारात जमा होते, आणि ती साफ नसेल तर कोतवाला परत पाठवतो. नळी साफ करायची दोरी म्हणजे 'फुलथ्रू', तिच्या फासात अडकवायचा फ्लॅनेलचा तुकडा म्हणजे 'चिंदी'. कोरडं पुसायला 4 बाय 2 इंचांची चिंदी, तेलासाठी 4 बाय दीड इंचाची. मोठी घेतली तर नळीत अडकते, लहान घेतली तर कानेकोपरे तसेच राहतात. दोरीचं वजन चेंबरकडून, म्हणजे गोळी भरतात त्या बाजूने आत सोडायचं आणि तोंडाकडून एका दमात, सरळ रेषेत ओढायचं. मध्ये थांबलं तर चिंदी गोळा होऊन बसते. तिरकं ओढलं तर दोरी नळीच्या तोंडाला घासते, तिथे झीज होते आणि पुढे गोळी नेमावर जात नाही.

प्रश्न : एकांकिकेत वायरलेसचा प्रसंग आहे. शेवट "ओव्हर अँड आउट"ने केला तर चालेल? – एक नाट्यलेखक, पुणे

नको. 'ओव्हर' म्हणजे माझं बोलून झालं, आता तुमच्या उत्तराची वाट पाहतो. 'आउट' म्हणजे संभाषण संपलं, उत्तर नको. दोन्ही एकत्र म्हणणारा सिग्नलमन खरा वाटणार नाही. 'रॉजर' म्हणजे निरोप नीट मिळाला. 'विल्को' म्हणजे मिळाला आणि त्याप्रमाणे करतो, म्हणून दोन्ही जोडायची गरज नाही. ऐकू आलं नाही तर पात्राला "से अगेन" म्हणायला लावा, 'रिपीट' कधीच नको. तोफखान्याच्या वायरलेसवर 'रिपीट' म्हणजे तोच मारा पुन्हा करा.

प्रश्न : भावाच्या पत्त्यात '56 एपीओ' आहे. गाव कोणतं लिहू? राखी पोचेल ना? – एक बहीण, सांगली

गाव लिहायचंच नाही. एपीओ म्हणजे आर्मी पोस्ट ऑफिस, फौजेचं टपाल कार्यालय. फौजी नंबर, रँक, नाव, कंपनी, पलटण, '56 एपीओ' आणि 9 ने सुरू होणारा सहा अंकी पिन, एवढा पत्ता पूर्ण आहे. पलटण कुठे आहे ते पाकिटावरून कळू नये, म्हणूनच ही पद्धत. 56 एपीओचं टपाल दिल्लीच्या आणि 99 एपीओचं कोलकात्याच्या मध्यवर्ती फौजी टपाल कार्यालयातून पुढे जातं. हे काम पाहणारी आर्मी पोस्टल सर्व्हिस 1972 पासून स्वतंत्र आहे आणि तिचं प्रशिक्षण केंद्र आपल्या कामठीला आहे.

चूक होते ती दोनच ठिकाणी: नंबरातला एखादा आकडा, आणि बदलीनंतर जुनाच पिन. भावाकडून दोन्ही पुन्हा विचारून घ्या. पुढच्या चौकीपर्यंत टपाल रेशनच्या गाडीबरोबर जातं आणि पावसात घाट बंद होतात, म्हणून निदान तीन आठवडे आधी स्पीड पोस्ट करा. आत पेढे नकोत, शंकरपाळे चालतील.