काम्यू यांची ‘द स्ट्रेंजर’ वाचावी का?

पदवीची परीक्षा संपवून खानापूरला घरी असताना आल्बेर काम्यू यांची ‘द स्ट्रेंजर’ वाचावी, की ती मन फार खिन्न करील, असे आपण विचारले आहे. माझ्या मते अवश्य वाचावी. १९४२ साली फ्रेंचमध्ये प्रसिद्ध झालेली ही छोटी कादंबरी साध्या वाक्यांत लिहिलेली असल्यामुळे आधी अस्तित्ववाद, म्हणजे जगण्याचा अर्थ माणसाने स्वतःच घडवायचा असे मानणारा तत्त्वविचार, शिकण्याची गरज नाही (काम्यू स्वतःला अस्तित्ववादी म्हणवून घेत नसत).

आईच्या अंत्यविधीत न रडलेला कादंबरीचा नायक मर्सो पुढे खुनाच्या खटल्यात उभा राहतो, तेव्हा न्यायालय गुन्ह्यापेक्षा त्या न रडण्याचाच अधिक हिशेब मागते. त्या खुनात ज्या अरबाचा जीव गेला, त्याला मात्र संपूर्ण कादंबरीत नावही मिळत नाही. घरात मराठी आणि कचेरीत कन्नड अशा वातावरणात वाढलेल्या आपल्या बेळगाव भागातील वाचकाला ते अनामिकपण विशेष टोचते, असा माझा अनुभव आहे.

घरात नुकताच कोणाचा मृत्यू झाला असेल, तर मात्र थोडे थांबावे. नंतर भालचंद्र नेमाडे यांची ‘कोसला’ (१९६३) घ्यावी आणि धाकट्या बहिणीच्या, मनीच्या, मृत्यूने कोसळलेला पांडुरंग सांगवीकर मर्सोच्या शेजारी ठेवून पाहावा.