फादरच्या वहीत नाव कुठल्या पानावर?

मागच्या अंकात वसईच्या किल्ल्यावर लिहिलं होतं, त्यात जाता जाता एक ओळ टाकली होती की पोर्तुगीज आणि स्पॅनिश राज्यांत लहान पोरांचं जगणं कसं होतं यावर एकदा बोलू. झालं, प्रश्नांची रांगच लागली. कोणी व्हॉट्सअ‍ॅपवर टाइप करून पाठवलं, कोणी तीन तीन मिनिटांचे व्हॉइस मेसेज टाकले (त्यातल्या एकात मागे कुकरच्या चार शिट्ट्या झाल्या, मोजल्या मी), आणि पंचवटीतल्या एका आजींनी चक्क हाताने पत्र लिहिलंय. त्यांचा मान पहिला.

प्रश्न : नातीने मोबाईलवर मेक्सिकोची जुनी चित्रं दाखवली. प्रत्येक चित्रात आई, बाप नि एक पोर, आणि वर काहीतरी अक्षरं. ती म्हणते आजी, त्यांची जात लिहिलीये. साहेब लोकांत कुठे आली जात? (एक आजी, पंचवटी)

आजी, नात बरोबर बोलतेय. आणि गंमत सांगू का, इंग्रजीतला कास्ट हा शब्दच मुळात पोर्तुगीजांच्या ‘कास्टा’वरून आलाय, त्यांनी इथे आपली भानगड बघितली आणि त्यांच्याकडचा शब्द तिला चिकटवला. तोच शब्द तिकडे मेक्सिकोत स्पॅनिश लोक मिश्र घरांतल्या माणसांसाठी वापरायचे.

ती चित्रं अठराव्या शतकातली. साधारण सोळाचा सेट असायचा. बाप स्पॅनिश, आई तिथली मूळची आदिवासी (त्यांना ते ‘इंडियन’ म्हणत), तर पोर मेस्तीसो. मेस्तीसो आणि स्पॅनिश यांचं पोर कास्तीसो. बाप स्पॅनिश नि आई आफ्रिकेतून आणलेली, तर मुलातो. असं करत करत पुढे नावं इतकी विचित्र होतात की चित्रकाराचीच दमछाक झाली असावी असं वाटतं. एका पोराच्या प्रकाराचं नाव ‘हवेतच थांब’, एकाचं ‘मागे फीर’, आणि एकाचं तर सरळ ‘तुझं काही कळत नाही’! मिगेल काब्रेरा नावाच्या चित्रकाराने १७६३ मध्ये काढलेला सेट प्रसिद्ध आहे, त्यातलं कापडाच्या दुकानासमोरचं चित्र नातीला शोधायला सांगा, बाप पाठमोरा, आई त्याच्याकडे बघतेय आणि मधे छान कपडे घातलेली पोर. हे वरच्या नंबरचं घर. दुसरं एक आहे १७७४ चं, आंद्रेस दे इस्लासचं, त्यात स्वयंपाकघरात नवराबायकोची जुंपलीये, बाईने नवऱ्याचे केस धरलेत आणि छोटी पोरगी आईचा घागरा ओढतेय. म्हणजे चित्रकाराला सांगायचं काय तर आफ्रिकन रक्त मिसळलं की घरात मारामारी. बघणाऱ्याला वाटावं की हे सगळं असंच असतं. मला विचाराल तर ती चित्रं घर दाखवत नाहीत, ती काढायला सांगणाऱ्यांच्या मनातली भीती दाखवतात.

कारण खरी गोष्ट चित्रात नव्हतीच, ती चर्चमधल्या वहीत होती. तुम्ही रामकुंडावर राहता, उपाध्यांच्या नामावळी तुम्ही पाहिल्यात, कोण कुठला, कोणाचा नातू, कधी आला, सगळं पिढ्यान्‌पिढ्या लिहिलेलं. तसंच तिकडे पोर जन्मलं की फादरकडे न्यायचं, तो पाणी घालणार, नाव देणार आणि वहीत लिहिणार. फक्त बऱ्याच ठिकाणी वह्या वेगळ्या, स्पॅनिश लोकांची एक आणि कास्टांची दुसरी. आता सांगा, तान्ह्या पोराकडे बघून कुठल्या वहीत लिहायचं ते कळतं का? फादर काय करायचा, आईबापाचे कपडे बघायचा, सोबत कोण आलंय ते बघायचा, ते सांगतील ते थोडंफार मानायचा आणि लिहून मोकळा. त्यामुळे बाप्तिस्म्याला मेस्तीसो असलेला माणूस लग्नाच्या नोंदीत स्पॅनिश झालेला सापडतो. आपल्या जातीइतकी ती गाठ घट्ट नव्हती, पैसा आणि ओळख असेल तर सैल व्हायची. शेवटी शेवटी तर स्पेनच्या सरकारने १७९५ मध्ये दरपत्रकच काढलं, पार्दो म्हणजे काळ्यागोऱ्या मिश्र रक्ताचा असण्याचा बट्टा पुसून घ्यायचा तर ५०० रेआल भरा! लग्नाशिवाय झालेलं मूल औरस करून घ्यायचे दर त्याच यादीत, वेगळे. आपल्याकडे दाखल्यासाठी खेटे घालणाऱ्याला हे ऐकून काय वाटेल ते वाटो.

अजून एक. पेरूतल्या लिमामध्ये १५७९ साली मार्टिन नावाचं पोर जन्मलं, बाप स्पॅनिश सरदार घराण्यातला, आई गुलामीतून सुटलेली काळी बाई. वहीत काय लिहिलं? ‘बाप अज्ञात’. बाप गावातच होता हो. तो मार्टिन पुढे न्हाव्याकडे कामाला लागला, तेव्हा न्हावीच जखमा बांधायचे नि रक्त काढायचे, त्यातून तो मठात रोग्यांची सेवा करणारा झाला आणि १९६२ मध्ये कॅथलिक चर्चने त्याला संत केलं.

प्रश्न : माझी चार वर्षांची मुलगी भावाबरोबर शाळेत जायचा हट्ट करते, रोज गेटवर रडारड. त्या काळात मुलींना शिकवायचे का? (एक आई, इंदिरानगर)

ताई, तुमच्या मुलीची मोठी बहीण शोभेल अशी एक होती. मेक्सिकोत नेपान्तला नावाचं खेडं, सतराव्या शतकाचा मध्य, नाव हुआना. आईबापांचं लग्न झालेलं नव्हतं, अशा पोरीला वहीत ‘चर्चची मुलगी’ म्हणून लिहायचे. तीन वर्षांची असताना ती मोठ्या बहिणीच्या मागे मागे गावातल्या शिकवणाऱ्या बाईंकडे गेली आणि ठोकून दिलं की आईने सांगितलंय मलाही शिकवा. बाईंना थाप कळली, पण मजा म्हणून शिकवायला लागल्या, मग मजा राहिली बाजूला आणि आईला पत्ता लागायच्या आत पोरगी वाचायला लागली. चीज खाल्ल्याने बुद्धी मंद होते असं कोणीतरी म्हटलेलं ऐकलं म्हणून तिने आवडतं चीज सोडलं! सहा-सात वर्षांची झाल्यावर आईच्या मागे लागली, मला मुलाचे कपडे घाल आणि मेक्सिको शहरात युनिव्हर्सिटीत पाठव. आई नाही म्हणाली, मग आजोबांची पुस्तकं उचलली. पुढे लॅटिन शिकताना केस चार-सहा बोटं कापायची, परत तेवढे वाढेपर्यंत ठरवलेलं शिकून झालं नाही तर पुन्हा कापायची, म्हणायची ज्या डोक्यात ज्ञान नाही ते केसांनी कशाला सजवायचं.

हे सगळं तिने मोठेपणी स्वतःच लिहून ठेवलंय, तेव्हा ती नन झाली होती, सोर हुआना इनेस दे ला क्रूझ, आणि फार मोठी कवयित्री. नन का झाली, तर लग्न करायचं नव्हतं आणि पुस्तकं वाचायला तेवढीच एक जागा होती. बाकी मुलींच्या वाट्याला शिवणकाम, प्रार्थना, थोडं वाचणं. चर्चच्या कायद्याने मुलगी बारा वर्षांची आणि मुलगा चौदाचा झाला की लग्न चालायचं.

गेटवरच्या रडारडीवर मात्र माझ्याकडे उपाय नाही.

प्रश्न : अनाथाश्रमाच्या दारात पाळणा ठेवतात, बाळ ठेवून जा, कोणी विचारणार नाही. ही कल्पना आत्ताची आहे का? (नर्सिंगची विद्यार्थिनी, देवळाली)

नाही, फार जुनी. पोर्तुगीजांकडे तिला ‘रोडा’ म्हणजे चाक म्हणत. भिंतीत बसवलेला लाकडी पिंपासारखा उभा डबा, एका बाजूने उघडा, गोल फिरणारा. आई रात्री यायची, रस्त्याच्या बाजूने बाळ आत ठेवायची, डबा फिरवायची, घंटा वाजवायची आणि निघून जायची. आतल्या माणसाला बाळ दिसणार, आई नाही. ब्राझीलमध्ये साल्व्हादोरला असं चाक १७२६ मध्ये बसलं, रिओला १७३८ मध्ये. कधी बाळासोबत चिठ्ठी असायची, कधी रिबनचा तुकडा, परत न्यायला आलो तर ओळख पटावी म्हणून.

ते बाळ पगार देऊन एखाद्या दूध पाजणाऱ्या बाईकडे पाठवत, वर्षभर, दोन वर्षं. तू नर्सिंगची, तुला सांगायला नको, बाटली नाही, औषध नाही, खूप बाळं पहिल्या वर्षातच जायची. तरी ठेवणाऱ्या ठेवत होत्या आणि त्यात काही गुलाम बायकाही होत्या, कारण चाकात सापडलेलं पोर कायद्याने मोकळं धरलं जायचं. आपल्याजवळ राहिलं तर मालकाचं, टाकलं तर स्वतःचं. हा हिशोब त्या बाईने चाकासमोर उभं राहून कसा केला असेल, मला तर लिहिताना पण नको वाटतंय.

स्पॅनिश मुलखात अशा पोरांना आडनावच ‘एक्स्पोसितो’ लागायचं, टाकलेला. जन्मभर. मेक्सिको शहरात १७६७ मध्ये आर्चबिशप लोरेन्झानाने अनाथालय काढलं, तिथल्या पोरांना त्याने स्वतःचं आडनाव दिलं, तेवढाच डाग कमी. आणि १७९४ मध्ये राजाने फर्मान काढलं की ह्या पोरांना औरसच समजायचं. बाप कोण ते माहीत नसेल तर वाईटच कशाला धरायचं, असा साधा सरळ विचार, पण तिथे यायला किती काळ गेला बघ.

प्रश्न : ‘आया’ हा शब्द पोर्तुगीज आहे म्हणतात, खरं का? (सिडको)

हो दादा. पगार, चावी, बादली या शब्दांसारखाच. त्यांच्याकडे पोरं सांभाळणारी बाई ती आया. एक शब्द मात्र आपण घेतला नाही, कॉम्पाद्रे. बाप्तिस्म्याला पोराला जो धर्मपिता म्हणून धरतो तो पोराच्या बापाचा कॉम्पाद्रे होतो, म्हणजे पोरापेक्षा ह्या दोन मोठ्या माणसांचंच नातं पक्कं. आपल्या व्याह्यासारखं, फक्त लग्न न होता! अडीनडीला पैसे, पोराला नोकरी लावणं, सगळं त्या नात्यावर. ब्राझीलमध्ये गुलाम आईबापसुद्धा पोरासाठी शक्यतो मोकळा माणूस धर्मपिता म्हणून बघायचे. स्वतःचा मालक मात्र धर्मपिता झालेला फारसा दिसत नाही, धर्माच्या लेकराला चाबूक कसा मारणार?

प्रश्न : आमचं कुलदैवत मंगेशी. आजी सांगायची की गोव्यात पोर पोरकं झालं की फिरंगी उचलून न्यायचे म्हणून आपण पळालो. ही नुसती भीती घालायची गोष्ट का? (एक वाचक, गंगापूर रोड)

काका, गोष्ट नाही, हुकूम होता. १५५९ चा, पोर्तुगालच्या राजाच्या नावाने. ज्या हिंदू पोराला आई, बाप, आजी, आजोबा कोणी नाही त्याला जेझुइट पाद्र्यांच्या सेंट पॉल कॉलेजात आणायचं, बाप्तिस्मा द्यायचा नि शिकवायचं. कागदावर असा. प्रत्यक्षात थोड्याच दिवसांत बाप गेला म्हणजे पोरकं, आई जिवंत असली तरी, असा अर्थ लागायला लागला. हे बघायला एक अधिकारीच असायचा, त्याचं पद काय तर ‘ख्रिश्चनांचा बाप’. मग घरात बाप गेला की रडायच्या आधी पोराला नदीपार पाठवायची घाई. तुमचा मंगेश कुशस्थळीहून १५६० मध्ये अंत्रुजात म्हणजे फोंड्याकडे आला तो ह्याच सुमारास, फोंडा तेव्हा त्यांच्या हातात नव्हता. देव आणि पोरं एकाच वाटेने पळाली म्हणा ना.

आणि दुसरी बाजू बघा. त्याच शतकात लिस्बनहून अनाथ मुली जहाजात बसवून गोव्याला पाठवत होते, ‘राजाच्या अनाथ मुली’ म्हणायचे त्यांना. सहा-सहा महिने समुद्र, ओळखीचं कोणी नाही, आणि हुंडा काय तर सरकारी पद! जो लग्न करील त्याला कारकुनी, नाहीतर एखाद्या ठाण्याची जागा. जावयाला नोकरी लावून देणारा सासरा म्हणजे खुद्द राजा. इथलं पोरकं पोर उचललं ते एका हुकमाने, तिथली पोरकी पोर इकडे ढकलली तीही राजाच्या हुकमाने, आणि दोघांना विचारलं कोणीच नाही.

प्रश्न : आपल्याकडचं एखादं पोर तिकडे अमेरिकेत गेलं होतं का? (बीएचा विद्यार्थी, शरणपूर रोड)

गेलं होतं रे, नेलं होतं म्हण. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला एक लहान मुलगी, मीरा की मिर्रा असं नाव सांगतात, पोर्तुगीज चाच्यांनी पळवली. कोचीनला बाप्तिस्मा, नाव कातारिना. तिथून फिलिपीन्समधल्या मनिलाच्या बाजारात, तिथून कित्येक महिन्यांच्या गलबताने मेक्सिकोच्या आकापुल्कोला, आणि तिथून पुएब्ला शहरात एका व्यापाऱ्याने घरात ठेवली, अर्धी मोलकरीण, अर्धी लेक. आशियातून आलेला कोणीही तिकडे ‘चिनी’च, म्हणून आपली ही हिंदुस्तानी पोरगी पण चिना. पुढे तिला देव दिसतात म्हणून लोक दर्शनाला यायला लागले. १६८८ मध्ये वारली तेव्हा गर्दी उसळली, आणि नंतर इन्क्विझिशनने म्हणजे चर्चच्या धर्मन्यायालयाने तिच्या तसबिरी ठेवायला बंदी घातली. तिकडे ‘चिना पोब्लाना’ नावाचा झगमगीत घागरा आहे, तो हिच्याच नावाला जोडतात, पण तो घागरा तिच्यानंतर फार उशिराचा. ती स्वतः साध्या झग्यात राहिली.

आणि तू शरणपूर रोडवर राहतोस म्हणून सांगतो, बरोबर उलटा प्रवास तुझ्या दारात झालाय. इंग्रजांच्या काळात हिंदी महासागरात गुलामांच्या जहाजांवरून सोडवलेली आफ्रिकन पोरं नाशकात आणून ठेवत, मिशनच्या शरणपुरात. सुतारकाम, लोहारकाम, इंग्रजी शिकायची. त्यातला एक जेकब वेनराइट, याओ जमातीचा. आफ्रिका धुंडाळणारा मिशनरी लिव्हिंगस्टन तिथे आत मेला तेव्हा त्याचा देह ज्या माणसांनी महिनोन्‌महिने चालत समुद्रापर्यंत आणला त्यांत हा होता, प्रेतावर प्रार्थना यानेच म्हटली. एप्रिल १८७४ मध्ये लंडनला वेस्टमिन्स्टर अ‍ॅबेत शवपेटी धरणाऱ्यांत राजेसरदारांच्या ओळखीची मंडळी आणि त्यांच्यात हा नाशकात शिकलेला पोरगा.