१९८९ चा ब्रिट पुरस्कार सोहळा खरंच दोन निवेदकांमुळे फसला का?

तुम्ही विचारलंय की १९८९ च्या ब्रिट या ब्रिटनमधल्या संगीत पुरस्कारांच्या सोहळ्याची आजही फसलेला सोहळा म्हणून आठवण का काढतात, आणि सॅमँथा फॉक्स आणि मिक फ्लीटवूड हे दोघं निवेदक खरंच इतके वाईट होते का.

दुसऱ्या भागाचं उत्तर आधी देतो. नाही. दोघं नवखे होते, गोंधळले होते आणि ते लपत नाही. पण कार्यक्रम त्यांच्या हातात आला तोच बिघडलेल्या अवस्थेत. गेली बावीस वर्षं मी संगीताच्या कार्यक्रमांची रंगमंचव्यवस्था सांभाळतो. कोण कुठल्या विंगेतून कधी आत जाणार, कुठला माइक चालू, कुठलं मानचिन्ह कुठल्या तबकात, हे बघणं माझं काम. त्या रात्रीचं चित्रण मी यूट्यूबवर पाच-सहा वेळा तरी पाहिलं असेल. लोक निवेदकांना हसतात, मला हसू येत नाही. विंगेत कोण उभं होतं आणि त्याच्या हातात कुठला कागद होता, हाच विचार माझ्या डोक्यात चालू असतो.

तारीख १३ फेब्रुवारी १९८९, सोमवार. ठिकाण लंडनचा रॉयल अल्बर्ट हॉल. ब्रिटनच्या ध्वनिमुद्रिका कंपन्यांची संघटना, ब्रिटिश फोनोग्राफिक इंडस्ट्री, हे पुरस्कार देते. १९७७ साली ते एकदा दिले गेले आणि १९८२ पासून दरवर्षी. ‘ब्रिट अवॉर्ड्स’ हे सुटसुटीत नाव त्याच वर्षी, १९८९ ला, लागलं होतं. म्हणजे नव्या नावाचा पहिला सोहळा, आणि तो बीबीसी वनवर थेट प्रक्षेपित होणार होता.

निवेदनासाठी जोडी निवडली ती अशी. सॅमँथा फॉक्स २२ वर्षांची, उंची पाच फुटांच्या जरा वर. वृत्तपत्रांतल्या छायाचित्रांमुळे आधी प्रसिद्ध झालेली आणि १९८६ पासून गायिका म्हणूनही गाजलेली. मिक फ्लीटवूड ४१ वर्षांचा, जवळजवळ साडेसहा फूट उंच, फ्लीटवूड मॅक या बँडचा ड्रमवादक. हा माणूस आयुष्यभर मंचावर सगळ्यांच्या मागे, ड्रम्सच्या आडोशाला बसून वाजवत आलेला. त्याला एकदम पुढे आणून, हाती माइक देऊन, हजारो लोकांसमोर आणि अख्ख्या देशासमोर बोलायला लावलं. दोघं शेजारी उभे राहिले की कॅमेऱ्याच्या एका चौकटीत नीट मावतसुद्धा नव्हते. आणि तालीम म्हणाल तर फारच थोडी.

मग जे व्हायचं ते झालं. ऑटोक्यूने दगा दिला. ऑटोक्यू म्हणजे कॅमेऱ्याच्या भिंगासमोर लावलेली काच. तिच्यावर निवेदनाचा मजकूर सरकत राहतो आणि बोलणारा तो वाचतो, बघणाऱ्याला मात्र तो आपल्याकडे बघून बोलतोय असं वाटतं. सरावलेल्या निवेदकाची काच बंद पडली तर तो दोन वाक्यं पदरची टाकतो. नवख्या माणसाला ती काच म्हणजे पाण्यातली दोरी असते. ती सुटली आणि दोघं एकमेकांच्या वाक्यांवर अडखळू लागले. मायकेल जॅक्सनचा आधीच चित्रित करून ठेवलेला संदेश दाखवलाच गेला नाही. पाहुणे उशिरा येत होते, भलत्याच वेळी येत होते. फोर टॉप्स, म्हणजे डेट्रॉईटच्या चार गायकांचा नावाजलेला गट, त्यांचं नाव पुकारलं आणि मंचावर आला एकटा ब्रिटिश गायक बॉय जॉर्ज.

आता या शेवटच्या प्रसंगाकडे माझ्या जागेवरून बघा. कलावंत स्वतःहून मंचावर जात नाही. विंगेत त्याच्या खांद्यावर कुणीतरी हात ठेवतं आणि ‘आता जा’ म्हणतं, तेव्हा तो जातो. म्हणजे निवेदकाच्या समोर एक क्रम होता आणि विंगेतल्या माणसाकडे दुसरा. नावं वाचणाऱ्याला आपल्या पाठीमागून कोण येतंय हे कळायचा मार्गच नसतो. चूक उघडी पडते त्याच्या तोंडातून, म्हणून ती त्याची ठरते.

हे मी इतक्या ठामपणे सांगतो त्याला कारण आहे. अकरा वर्षांपूर्वी एका तालुक्याच्या गावी संगीत पुरस्कारांचा कार्यक्रम होता. जीवनगौरव शेवटी द्यायचा ठरला होता. प्रमुख पाहुण्यांची गाडी रात्री लवकरची निघाली, म्हणून आयोजकांनी मध्यंतरात सांगितलं की जीवनगौरव तिसऱ्या क्रमांकावर घ्या. मी ध्वनीवाल्याला सांगितलं, प्रकाशवाल्याला सांगितलं, तबकं बदलली, शाल काढून ठेवली. निवेदिकेच्या हातातली कार्डं बदलायची मात्र राहिली. रबरबँड लावलेली पोस्टकार्डाएवढी कार्डं होती, तिने स्वतः सुवाच्य अक्षरात लिहिलेली. तिने तिसरं कार्ड उलटलं आणि एका तरुण गायिकेचं नाव मोठ्या उत्साहाने पुकारलं. त्याच क्षणी मी डाव्या विंगेतून एका वयोवृद्ध संवादिनीवादकांना आत पाठवलं. ते मंचाच्या मध्यावर येऊन हात जोडून उभे राहिले. प्रेक्षागृहात आधी शांतता, मग हशा. त्यांना वाटलं आपलंच काही चुकलं. ते मागे वळून माझ्याकडे बघू लागले. त्यांची ती नजर मी विसरलेलो नाही.

त्या मुलीने सावरून घेतलं, पण कार्यक्रम संपल्यावर ग्रीनरूममध्ये तिलाच बोलणी बसली. मी पुढे होऊन चूक माझी होती असं सांगितलं, तोवर निम्मे लोक निघून गेले होते. दुसऱ्या दिवशी स्थानिक बातमीत छापून आलं, ‘निवेदनात गोंधळ’. माझं नाव कुठेही नव्हतं. विंगेतल्या माणसाचं नाव कुठेच नसतं.

म्हणून फॉक्स आणि फ्लीटवूडची थट्टा वाचली की मला त्या मुलीचा चेहरा आठवतो. गेली पस्तीसहून अधिक वर्षं ही दोनच नावं लोकांच्या तोंडी आहेत. ज्यांनी त्यांना पुरेशी तालीम न देता उभं केलं, त्यांची नावं कुणाला ठाऊक नाहीत.

मला याहून जास्त वाईट वाटतं ते त्या रात्रीच्या मानकऱ्यांचं. गोंधळाच्या गोष्टीखाली ते पार झाकले गेले. फिल कॉलिन्स, अ‍ॅनी लेनॉक्स यांना काही फरक पडला नसेल, ते आधीच मोठे होते. पण सर्वोत्तम अल्बम आणि सर्वोत्तम गाणं, दोन्ही मान मिळाले फेअरग्राउंड अ‍ॅट्रॅक्शन या चौघांच्या छोट्या गटाला. सिंथेसायझर आणि यांत्रिक ठेक्यांचा तो काळ. त्यात ही मंडळी साधी गिटार, मेक्सिकोकडचं गिटारोन नावाचं पोटाळ खर्जवाद्य आणि हलक्या हाताचे ड्रम्स घेऊन गात होती. एडी रीडर या गायिकेचा आवाज असा, की शेजारच्या खोलीत कुणी काम करता करता गातंय असं वाटावं. त्यांचं ‘परफेक्ट’ १९८८ च्या मे महिन्यात ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं होतं. त्यांचा तो पहिलाच अल्बम होता, आणि पुढे थोड्याच काळात गट फुटला. ज्या रात्री त्यांचं कौतुक व्हायचं, त्या रात्रीची आठवण लोक भलत्याच कारणासाठी ठेवतात. जाता जाता सांगतो, कारकिर्दीच्या गौरवाचा पुरस्कार त्या वर्षी क्लिफ रिचर्डला मिळाला. त्याचा जन्म लखनौचा, १९४० चा. आठेक वर्षांचा होईपर्यंत तो भारतातच वाढला.

आणि ट्रेसी चॅपमन. परदेशी कलावंतांसाठीचे दोन पुरस्कार तिला मिळाले, सर्वोत्तम गायिका आणि सर्वोत्तम नवोदित. ती तिथवर कशी पोचली ते बघा. आठ महिन्यांपूर्वी, ११ जून १९८८ ला, त्याच लंडनमध्ये वेम्ब्ली मैदानावर नेल्सन मंडेलांच्या सत्तराव्या वाढदिवसाची मोठी मैफल होती. मंडेला तेव्हा तुरुंगात होते आणि मैफल अनेक देशांत थेट दिसत होती. अमेरिकी गायक स्टीव्ही वंडर मंचावर जाणार, इतक्यात कळलं की त्याच्या सिंक्लाव्हिअर या संगीतयंत्राची हार्ड डिस्कच सापडत नाही. त्याचं सगळं संगीत तिच्यात होतं. त्या वेळी तो गायलाच नाही. रिकामा मंच, हजारो माणसं समोर, कॅमेरे चालू. आमच्या धंद्यात याहून भयंकर क्षण नाही. पण तिथे मागे कुणीतरी डोकं शांत ठेवलं होतं. दिवसा एकदा गाऊन गेलेल्या चॅपमनला पुन्हा बोलावलं. तिला लागत होती एक गिटार आणि माइक. ती आली आणि ‘फास्ट कार’ गायली. त्या गाण्यानंतर तिचं नाव घरोघरी गेलं.

एकाच शहरात आठ महिन्यांच्या अंतराने घडलेले हे दोन प्रसंग. वेम्ब्लीचा फसलेला क्षण कुणाला फसलेला वाटतच नाही, कारण मागचं माणूस जागं होतं.

ब्रिटवाल्यांनी धसका घेतला तो थेट प्रक्षेपणाचा. पुढच्या वर्षापासून सोहळा आधी चित्रित करून मग दाखवू लागले, आणि हे २००७ पर्यंत चाललं. चूक कापता येते ही सोय झाली खरी. पण मला वाटतं, त्यांनी रोग सोडून खोकल्यावर औषध घेतलं. १९९० चा सोहळा डोमिनियन थिएटरमध्ये झाला. कारकिर्दीच्या गौरवासाठी क्वीन बँड मंचावर आला, भाषण केलं गिटारवादक ब्रायन मेने. पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत शिकलेला, क्वीनचा गायक फ्रेडी मर्क्युरी शेजारी उभा होता, खूप खंगलेला. तो जेमतेम चार शब्द बोलला. लोकांसमोर मंचावर उभं राहण्याची ती त्याची शेवटची वेळ.

तुम्ही चित्रण बघणार असाल तर एकदा आवाज बंद करून बघा. दोघांचे डोळे कुठे जातात ते बघा. निवेदक हरवला की तो विंगेकडे बघतो, तिथे एखादा चेहरा होकारार्थी मान हलवेल म्हणून.

त्या तालुक्याच्या गावानंतर मी दोन गोष्टी कधी चुकवल्या नाहीत. क्रम बदलला की सगळ्यांत आधी निवेदकाच्या हातात नवी कार्डं देतो आणि जुनी स्वतः फाडतो. आणि कार्यक्रम कितीही मोठा असो, विंगेत एक खुर्ची टाकून कुणातरी गाणारीला बसवून ठेवतो, जिला फक्त तंबोरा आणि माइक लागतो. गेल्या दिवाळीत कीबोर्डची वायर जळली तेव्हा त्या खुर्चीवरची मुलगी उठली आणि अभंग गायली. वायर दहा मिनिटांत बदलून झाली होती, पण तिचं पूर्ण होईपर्यंत मी कीबोर्डवाल्याला आत सोडलं नाही.