साठा होता, मग पंप कोरडे का?

प्रश्न : जानेवारी २०२४ मध्ये ट्रकचालकांच्या संपात डेपोत इंधन असूनही पेट्रोल पंप रिकामे झाले. लोकांची घबराट एवढी महाग पडते?

उत्तर : टँकर थांबले हे खरेच, पण पंप इतक्या लवकर आटले ते टाक्या फुल करण्याच्या घाईने. हिशेब मांडून पाहा. एका पंपाच्या १,००० स्कूटर धरा. प्रत्येक जण पाच दिवसांनी येऊन २ लिटर भरतो, म्हणजे रोजचा खप ४०० लिटर. अफवेच्या दिवशी हजारही जण येतात आणि ३-३ लिटर भरतात. खप ३,००० लिटर, साडेसात पट! यात साठेबाज एकही नाही. ‘उद्या मिळालं नाही तर?’ हा विचार एकट्यापुरता शहाणपणाचाच. शिवाय रांग दिसली की अफवा खरी वाटते.

पंपावरचा दर ठरलेला, त्यामुळे टंचाई भावात न दिसता रांगेत दिसते. भाजीचे तसे नाही, तिथे भाव लगेच चढतो.

चंडीगड प्रशासनाने दुचाकीला २ आणि चारचाकीला ५ लिटरची मर्यादा घातली. उपाय योग्य, पण रांग लागण्याआधी केला तरच. उशिरा जाहीर झालेली मर्यादा घबराट वाढवते. तुमच्यापुरते म्हणाल तर एरवीच टाकी अर्ध्यावर आली की भरून घ्या.