दुसऱ्या महायुद्धात फ्रान्सच्या किनाऱ्यावरील नॉर्मंडीची मोहीम फसल्यास दोष स्वतःकडे घेणारी चिठ्ठी दोस्त राष्ट्रांच्या फौजांचे सरसेनापती आयझेनहॉवर यांनी खरोखरच लिहिली होती का?

होय, ती चिठ्ठी खरी आहे आणि आजही कॅन्सस राज्यातील अ‍ॅबिलीन येथील आयझेनहॉवर ग्रंथालयात जपून ठेवलेली आहे.

खराब हवामानामुळे नॉर्मंडीवरील चढाई एक दिवस पुढे ढकलावी लागली होती. हवामानतज्ज्ञ जेम्स स्टॅग यांनी थोड्या काळासाठी उघडीप मिळेल असे सांगितल्यावर, सुमारे 1,56,000 सैनिकांना 6 जून 1944 रोजी उतरवण्याचा निर्णय आयझेनहॉवर यांनी घेतला. त्यानंतर त्यांनी एका लहानशा कागदावर पेन्सिलीने चार ओळी खरडल्या. उतरलेल्या फौजांना पाय रोवता आले नाहीत, सैनिकांनी शौर्यात काहीच कमी ठेवले नाही आणि काही दोष असेलच तर तो केवळ माझा आहे, असा त्यांचा आशय आहे.

मला मजकुराइतकीच त्यातली खाडाखोड बोलकी वाटते. ‘सैन्य मागे घेण्यात आले आहे’ हे कर्त्याला सोयीस्करपणे लपवणारे वाक्य त्यांनी खोडले आणि ‘मी सैन्य मागे घेतले आहे’ असे लिहिले. शेवटच्या ‘केवळ माझा’ या शब्दांखाली तर त्यांनी रेघ ओढली. मनावरचा ताण इतका होता की तारीखही चुकली: 5 जूनऐवजी 5 जुलै पडली.

चिठ्ठीची गरज पडली नाही. ती त्यांच्या पैशांच्या पाकिटात तशीच राहिली आणि जुलैमध्ये हाती लागल्यावर त्यांचे नौदल सहायक हॅरी बुचर यांनी ती मागून घेतली.