क्रोएशियन दिग्दर्शक क्रस्तो पापिच यांच्या कामाची ओळख करून घ्यायची असेल तर आधी माहितीपट पाहावेत की कथापट?

आधी माहितीपट पाहा, आणि सुरुवात १९७२च्या ‘स्पेत्सियाल्नी व्लाकोवी’ म्हणजे ‘खास गाड्या’पासून करा. युगोस्लाव्हियातून पोटासाठी जर्मनीला निघालेल्या मजुरांची ही छोटीशी फिल्म आहे. आधी वैद्यकीय तपासणी, मग फलाटावरची रडारड, रात्रभराचा प्रवास. आणि म्युनिकला उतरल्यावर माणसांची नावं जाऊन नुसते नंबर उरतात. कॅमेरा चेहऱ्यांवरून हटत नाही. मी पापिच यांचे दोन्ही प्रकारचे चित्रपट पाहिलेत, म्हणून खात्रीनं सांगतो: साध्या माणसावर सत्तेचा हात कसा पडतो, हे त्यांच्या कथापटांचं मूळ इथेच सापडतं. त्यानंतर ‘लिसित्से’ (१९६९), म्हणजे ‘बेड्या’, जरूर बघा. युगोस्लाव्हियाचे नेते टिटो आणि सोव्हिएत नेते स्टालिन यांच्यात फूट पडल्यानंतरचा काळ, खेड्यातलं लग्न आणि त्यात येऊन धडकलेले गुप्त पोलीस. माझ्या मते हाच त्यांचा सर्वोत्तम चित्रपट. ‘झिवोत सा स्त्रित्सेम’ (१९८८), म्हणजे ‘काकांसोबतचं आयुष्य’, याला गोल्डन ग्लोबचं नामांकन होतं, तो नंतर पाहिला तरी चालेल. मात्र तुम्ही नाटकवेडे असाल तर हा क्रम सोडा आणि थेट इव्हो ब्रेशान यांच्या नाटकावरचा, खेड्यातल्या हॅम्लेटच्या प्रयोगाचा चित्रपट आधी लावा.