नॉर्मा आलेआंद्रो कोण? त्यांचा कोणता सिनेमा आधी बघावा?

आधी ‘ला इस्तोरिया ओफिसियाल’ (१९८५) बघा, बाकी सगळं नंतर. नॉर्माबाई अर्जेंटिनाच्या अभिनेत्री, १९३६ साली ब्यूनोस आयर्समध्ये नटांच्याच घरात जन्मलेल्या. १९७६ला लष्करानं सत्ता बळकावली आणि त्यांना देश सोडावा लागला. आधी उरुग्वे, मग स्पेन. परतल्यावर हा सिनेमा केला. यात त्या इतिहासाच्या शिक्षिका. आपली दत्तक मुलगी लष्करानं ‘बेपत्ता’ केलेल्या कुणाची तर नाही ना, हा संशय त्यांना पोखरत जातो. शेवटाकडे नवरा दारात त्यांची बोटं चिरडतो, तिथे माझी तर नजरच खाली गेली. फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार (अमेरिकन गायिका-अभिनेत्री शेरसोबत विभागून), सिनेमाला ऑस्कर. पुढे ‘गॅबी’साठी त्यांनाही ऑस्करचं नामांकन मिळालं. ‘एल इहो दे ला नोविया’तली (२००१) अल्झायमर झालेली आईही चुकवू नका.